चीनमध्ये लोकांवर कंट्रोल नक्की कसा ठेवतात?
सगळे सोशल क्रेडिट स्कोअरचं बोलतात, पण प्रत्येकाला एकच मार्क देणारी देशभराची सिस्टिम तिकडे नाहीच, खरा खेळ बघायचा तर कोविडच्या काळातल्या हेल्थ कोडचा बघा, म्हणजे फोनवरचा रंगीत कोड, हिरवा असेल तरच फिरता यायचं. २०२२ मध्ये हनान प्रांतातल्या काही ग्रामीण बँकांनी पैसे काढणं बंद केलं, खातेदार जाब विचारायला प्रांताच्या राजधानीला, झेंगझौला निघाले आणि जूनमध्ये त्यांच्या फोनवरचा कोविडचा हिरवा कोड अचानक लाल! ताप नाही, खोकला नाही, टेस्ट निगेटिव्ह, तरी लाल, म्हणजे ना ट्रेन ना हॉटेल. असा कोड लाल केलेले १३१७ खातेदार सापडले. बोंबाबोंब झाल्यावर पाच अधिकाऱ्यांवर कारवाई केली (वरून कोणाचा फोन आला होता ते विचारायचं नाही). तरी १० जुलैला लोक झेंगझौमध्ये चीनच्या सेंट्रल बँकेच्या (म्हणजे आपल्या रिझर्व्ह बँकेसारखी) शाखेसमोर जमलेच, तेव्हा मात्र पांढऱ्या शर्टातली माणसं घुसली आणि सरळ धरून बडवलं.