पुण्याच्या तांबट आळीतील मठारकाम माहितीपटामुळे टिकेल का?

मठारकाम म्हणजे तांब्याच्या भांड्यांवर हातोडीने ठोके देण्याचे काम. हा धंदा टिकेल तो भांड्यांना गिऱ्हाईक असले तरच. माहितीपट मात्र कामाची रीत नक्की जपू शकतो, अट इतकीच की त्याने मुलाखतींवर न थांबता काम सलग टिपावे. कसबा पेठेतील या आळीत तांब्याच्या घंगाळावर किंवा पाणी तापवायच्या बंबावर मठार होते, तेव्हा हातोडीच्या ठोक्यांनी पत्रा कडक होत जातो आणि त्यावर चकचकीत ठिपक्यांच्या ओळी उमटतात. ठोका नीट बसला की नाही, हे आवाजावरूनही कळते. म्हणून पार्श्वसंगीत टाळून (निवेदनाचा मोहही आवरलेला बरा) मूळ नाद स्वच्छ ध्वनिमुद्रित करावा, आणि संकलनात कापलेला भागही जपून त्याची एक प्रत कारागिरांकडे द्यावी, कारण शिकणाऱ्याला नेमका तोच उपयोगी पडतो.