पॅसिफिक बेटांवर मासे, नारळ, कंदमुळं एवढी असताना तिथे मधुमेह आणि लठ्ठपणा इतका का?

तुम्ही एका प्रश्नात तीन प्रश्न विचारले आहेत. सामोआ, टोंगा, नाऊरूसारख्या बेटांवर मासे-नारळ-कंद मुबलक असताना लोक इतके जाड का, हे रक्तातच आहे का, आणि नारळाचा यात काही दोष आहे का. मी डॉक्टर नाही. फिजीची राजधानी सुवा इथे काही वर्षं जहाजांवर माल चढवण्याच्या धंद्यात होतो, त्यामुळे माझं उत्तर बंदरावरून दिसलेलं आहे. थोडं वाचनही आहे.

सुवाहून तुवालू, किरिबाटी अशा छोट्या देशांना माल जातो. अशा जहाजाची मालयादी एकदा वाचली की निम्मं उत्तर मिळतं. पांढरा तांदूळ, मैदा, साखर, बिस्किटं, इन्स्टंट नूडल्स, तेलाचे डबे, गोठवलेल्या कोंबडीच्या तंगड्या, डबाबंद खारं बीफ. भाजी म्हणाल तर कांदे-बटाटे, ते मधल्या प्रवासात सडत नाहीत म्हणून. आणि डबाबंद बांगडा! ज्या समुद्रात जगातल्या स्किपजॅक ट्यूनापैकी निम्म्याहून जास्त पकडला जातो, त्याच समुद्रातल्या बेटांवर मासा डब्यातून येतो. तुवालू, किरिबाटीची सरकारं परदेशी बोटींना मासेमारीचे परवाने विकतात आणि सरकारी खर्चाचा मोठा भाग त्यावर चालतो. ट्यूना बाहेर जातो, बांगड्याचा डबा आत येतो.

हे वाचून तिथले लोक ताजे मासे खातच नाहीत असं समजू नका. या दोन देशांत मासे आजही भरपूर खाल्ले जातात. बदललंय ते माशाबरोबर ताटात काय असतं ते. पूर्वी बेटानुसार टारो (आपल्या अळूचा कंद), याम (कोनफळाच्या जातीचा कंद), रताळं, नीरफणस, कच्ची केळी असायची. आज भाताचा डोंगर असतो, पाव असतो आणि बरोबर साखरेचा चहा किंवा थंड पेय. नूडल्सचं पाकीट फोडून मसाल्याची पुडी वरून भुरभुरून शिजवल्याशिवायच कुडुमकुडुम खाणारी मुलं जितकी तिथे पाहिली तितकी कुठेच नाही.

कंद सोडून भात का, याला आळस हे उत्तर नाही. टारो कच्चा राहिला तर घसा खाजतो, तो बराच वेळ शिजवावा लागतो. तुवालू, किरिबाटीची जमीन म्हणजे प्रवाळाची वाळू. तिथे दलदलीतला टारो लावायला गोड्या पाण्याच्या थरापर्यंत खड्डा खणायचा, वर्षानुवर्षं पालापाचोळा घालून माती तयार करायची. समुद्राचं पाणी आत शिरलं की सगळा खड्डा खारट होतो. हे सांभाळायला माणूस गावात लागतो, आणि माणूस गेलाय राजधानीत नोकरीला. तांदूळ वीस मिनिटांत होतो, महिनाभर टिकतो. तुम्ही-आम्हीही हेच केलं असतं.

काही ठिकाणी तर निवड त्यांच्या हातात नव्हतीच. मार्शल बेटांमधल्या बिकिनीवर अणुचाचण्या करायच्या म्हणून अमेरिकेने १९४६ साली तिथल्या १६७ लोकांना रोंगेरिक नावाच्या बेटावर हलवलं. तिथे पुरेसं खायला मिळेना, दोन वर्षांत लोक उपासमारीला टेकले. १९५८ पर्यंत मार्शल बेटांवर ६७ स्फोट झाले आणि हलवलेली माणसं अमेरिकेतून येणाऱ्या डब्यांवर, तांदळावर जगायला लागली. नाऊरूची तऱ्हा उलटी, तिथे पैसा आला. जेमतेम २१ चौरस किलोमीटरचं बेट, मधोमध फॉस्फेट. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून ते खणून खतासाठी बाहेर गेलं. १९६८ साली देश स्वतंत्र झाला, खाणीचं उत्पन्न हातात आलं, मासेमारी-शेतीची गरज उरली नाही. बेटाचा मधला भाग खणून उजाड झाल्यावर शेती करायची म्हटली तरी जागा नाही. १९७५ च्या सुमारास पॉल झिमेट या ऑस्ट्रेलियन डॉक्टरने तिथे तपासण्या केल्या, तेव्हा प्रौढांपैकी सुमारे एक तृतीयांश लोकांना मधुमेह निघाला. तो आकडा वाचून त्या काळी जगभरचे तज्ज्ञ चक्रावले होते.

सामोआत आणखी वेगळं. १९९० आणि १९९१ मध्ये लागोपाठ दोन चक्रीवादळं आली आणि १९९३ मध्ये टारोच्या पानांवर करपा पडला. देशाचं मुख्य पीक जवळजवळ साफ झालं. तेवढ्या वर्षांत मुलांच्या जिभेला दुसरं काही लागलं तर नवल नाही.

आता मांस. न्यूझीलंड आणि ऑस्ट्रेलियात मेंढी कापली की पोटाकडचा चरबीचा पट्टा उरतो, त्याला मटन फ्लॅप म्हणतात. तिकडे त्याला फारसं गिऱ्हाईक नाही. अमेरिकेत टर्कीच्या शेपटाकडची चरबीची गाठ उरते. हे दोन्ही स्वस्तात बेटांवर उतरवलं गेलं. फ्लॅपचा तुकडा पातेल्यात टाकला तर वेगळं तेल लागतच नाही, इतकी चरबी सुटते आणि गार झाल्यावर वर पांढरी साय धरते. फिजीने २०००मध्ये मटन फ्लॅपच्या विक्रीवर बंदी घातली. सामोआने २००७मध्ये टर्कीच्या शेपटांची आयात बंद केली, पण २०१२मध्ये जागतिक व्यापार संघटनेचं सदस्य होताना ती बंदी मागे घ्यायचं मान्य करावं लागलं. मला विचाराल तर या सगळ्या विषयात चीड यावी अशी हीच एक गोष्ट आहे. लोकांच्या खादाडपणावर विनोद करणारे याबद्दल बोलत नाहीत.

खाण्याला मान-पानही चिकटलेला असतो. सामोआत मयताच्या किंवा लग्नाच्या वेळी नातेवाइकांनी खाऱ्या बीफचे, माशांच्या डब्यांचे खोके द्यायचे असतात. पाहुण्याला कंद वाढले आणि डबा नाही फोडला तर यजमानाला कमीपणा वाटतो. दिसायला भरलेलं अंग म्हणजे खाऊन-पिऊन सुखी घर, ही समजूतही आहेच.

आता रक्ताकडे येऊ. जेम्स नील या शास्त्रज्ञाने १९६२ मध्ये अशी कल्पना मांडली की उपासमार सोसलेल्या लोकांत चरबी साठवणारी जनुकं टिकतात. पॅसिफिकवर ती फार चिकटवली गेली, पूर्वज लांबलांबच्या होड्यांच्या प्रवासात उपास काढून तगले अशा गोष्टी जोडून. २०१६ मध्ये सामोआच्या लोकांत खरंच एक जनुकीय फरक सापडला, जवळपास निम्म्या लोकांत असलेला आणि वजन वाढवणारा. पण गंमत अशी की तो असलेल्यांना मधुमेहाचा धोका उलट कमी दिसला. आणि फिजीत तर इंग्रजांनी १८७९ पासून करारावर आणलेल्या भारतीय मजुरांचे वंशज आहेत. त्यांचा वंश वेगळा, होड्यांचा तो इतिहास नाही, तरी मधुमेह त्यांच्यातही भरपूर. दुकान मात्र दोघांचं एकच. मी जनुकांना शून्य म्हणत नाही, पण पन्नास-साठ वर्षांत जनुकं बदलत नाहीत, मालयादी बदलते.

जुन्या खाण्यात दम होता का, याचा पुरावा आहे. पापुआ न्यू गिनीमधल्या किटावा बेटावर स्टाफन लिंडेबर्ग या स्वीडिश डॉक्टरने १९९०च्या आसपास अभ्यास केला. तिथे खाण्यातली सुमारे ७० टक्के ऊर्जा कंद-फळांतल्या पिष्टातून यायची, म्हणजे आजच्या आहारतज्ज्ञांना घाम फुटावा इतकी. बरोबर मासे आणि नारळ. बहुतेक लोक तंबाखू ओढणारे. तरी म्हातारी माणसंसुद्धा सडपातळ, आणि पक्षाघात, हृदयविकार जवळजवळ नव्हतेच.

दुसरी बाजू कुणी सांगत नाही, ती म्हणजे पोट भरलेलं असूनही होणारं कुपोषण. मायक्रोनेशियातल्या पोनपेई बेटावर आई-बाप जाड आणि मुलात जीवनसत्त्व अ कमी, असं एकाच घरात दिसायचं. तिथे करात नावाचं केळं पिकतं, आतून नारिंगी, बीटा कॅरोटीनने भरलेलं, ज्यापासून शरीर जीवनसत्त्व अ बनवतं. पूर्वी बाळाला वरचं अन्न सुरू करताना तेच भरवायचे. ते खाल्लं की लघवी पिवळीजर्द होते, कारण त्यात रायबोफ्लेविन (जीवनसत्त्व ब-२) भरपूर. बाजारात मात्र पांढऱ्या केळ्यांना आणि परदेशी तांदळाला भाव चढला. लोईस एंगलबर्गर या आहारतज्ज्ञ बाईंनी ते केळं पुन्हा लोकांच्या पुढे आणलं आणि २००५ मध्ये ते पोनपेईचं अधिकृत केळं झालं.

सरकारं करही लावतात. फ्रेंच पॉलिनेशियाने २००२ मध्ये गोड पेयांवर लावला, नाऊरूने २००७ मध्ये साखरेच्या पदार्थांवर. ठीक आहे. पण दुकानात दुसरं परवडणारं काही नसेल तर कर भरून माणूस तेच घेतो.

राहिला नारळ. टोकेलाऊ या न्यूझीलंडच्या ताब्यातल्या छोट्या प्रवाळबेटांवरच्या लोकांची १९६० च्या दशकात निम्म्याहून जास्त ऊर्जा नारळातून यायची, आणि हृदयविकार तिथे क्वचित. त्यांच्यातले जे न्यूझीलंडला राहायला गेले त्यांचा नारळ कमी झाला, वजन आणि मधुमेह मात्र वाढले. तेव्हा बेटांवरच्या मधुमेहाचं खापर नारळावर फोडता येत नाही. पण उलटा अर्थही काढू नका. टोकेलाऊत कोलेस्टेरॉल शेजारच्या कमी नारळ खाणाऱ्या पुकापुका बेटापेक्षा जास्तच होतं. साखर कमी, मासा रोजचा आणि अंगमेहनतही रोजची, या सगळ्यासकट तो नारळ होता. बाटलीतलं खोबरेल चमच्याने घेऊन वर बिस्किटं खाणाऱ्याला त्यातलं काही लागू होत नाही.