पक्षफुटीवरून भावाशी अबोला आहे. नवरात्रात टेंभीनाक्याच्या देवीला सोबत गेलो तर दिलजमाई होईल का?

टेंभीनाक्याला तर मुळीच नेऊ नका. ती देवी आनंद दिघेसाहेबांनी सुरू केलेली आणि निम्मं ठाणं भांडतंय ते साहेबांचा वारसा कोणाचा यावरूनच. २०२२ला रश्मी ठाकरे तिथे आरतीला आल्या, तेव्हा घोषणाच जास्त ऐकू येत होत्या.

आमचंही तेच झालं होतं. जूनमध्ये आमदार सुरत-गुवाहाटीला गेले, दादा शिंदेंच्या बाजूचा, मी मातोश्रीचा. जेवताना मी त्याला गद्दार म्हणालो. तो ताटावरून उठला. दोन महिने बोलणं बंद. निरोप वहिनीमार्फत.

गणपती मात्र नौपाड्यातल्या जुन्या घरी, दादाकडेच. कोरोनाची दोन वर्षं घरच्या मूर्तीला दोन फुटांची मर्यादा होती, ती उठली म्हणून दादाने हौसेने अडीच फुटी शाडूची आणली. शाडू म्हणजे वजन किती ते तुम्हाला ठाऊक असेल. तिसरा मजला, लिफ्ट नाही. गौरींसोबत विसर्जनाला निघालो, तर पाट एकट्याला पेलेना. भाचा पुण्याला, शेजारचे काका सत्तरीचे. राहिलो मी. पाटाची एक बाजू त्याने धरली, एक मी. मी खालच्या अंगाला, म्हणजे उलटा उतरणारा. पहिल्या वळणावर माझी टाच निसटली.

"पायरी. सांभाळ."

बस, एवढंच. मासुंद्याच्या कृत्रिम तलावापर्यंत मग "हळू", "डावीकडे घे", "सोंड बघ" असं चालू राहिलं. परतताना प्रसादाची खिरापत त्यानेच माझ्या हातावर ठेवली.

तेव्हा देवदर्शनाने काही होत नाही, असं माझं मत. दर्शनाला दोघं शेजारी उभे राहून आपापलं मागतात. काम काढा, दोघांशिवाय न होणारं. आता तुमच्यात जमिनीचा किंवा पैशांचा वाद असेल तर माझा अनुभव कामाचा नाही, आणि गद्दार शब्दाची माफी मीही अजून मागितलेली नाही. मत माझं बदललेलं नाही, त्याचंही नाही.

फक्त दादा हल्ली सगळ्यांना सांगतो की आधी तो बोलला. "पायरी" मी म्हणालो होतो, टाच माझी निसटली होती. त्याने नुसतं "सांभाळ" म्हटलं. वहिनी मागे आरतीचं ताट घेऊन उतरत होत्या, त्यांना विचारा.