नवी जोडी घातली तरी गिटार अँपमधला एकच पॉवर व्हॉल्व्ह लाल होतो आणि फ्यूज उडतो, असं का?

आधी एक सांगतो, तिसरी जोडी विकत घेऊ नका. दोन वेगवेगळ्या जोड्यांमध्ये त्याच बाजूचा व्हॉल्व्ह लाल होत असेल, तर दोष व्हॉल्व्हचा नाही, त्या सॉकेटपर्यंत येणाऱ्या सर्किटचा आहे. खात्री करायची तर दोन्ही ६व्ही६ची (म्हणजे या पॉवर व्हॉल्व्हची) अदलाबदल करून बघा. लाली व्हॉल्व्हबरोबर पलीकडे गेली तर व्हॉल्व्ह वाईट, जागेवरच राहिली तर सर्किट. दोन्ही एकदम लाल होत असते तर मी थेट बायस सप्लायवर, म्हणजे दोन्ही व्हॉल्व्हचा करंट आवरून धरणारा उणे व्होल्टेज देणाऱ्या भागावर, बोट ठेवलं असतं.

तुमचा अँप फेंडर डीलक्स रिव्हर्बच्या एबी७६३ सर्किटचा आहे, १२० व्होल्टचा असल्याने स्टेपडाउन ट्रान्सफॉर्मरवर चालतो, आणि पाच-दहा मिनिटांनी उजवा व्हॉल्व्ह लाल होऊन गुणगुण वाढते, एवढं तुम्ही लिहिलंय. ही 'पाच-दहा मिनिटं' महत्त्वाची. सुरुवातीला ठीक आणि तापल्यावर बिघाड, म्हणजे माझा पहिला संशय त्या बाजूच्या कपलिंग कपॅसिटरवर.

फेज इन्व्हर्टर म्हणजे दोन्ही पॉवर व्हॉल्व्हना उलटसुलट सिग्नल देणारा आधीचा व्हॉल्व्ह. त्याच्या प्लेटवर दोनशेच्या वर व्होल्ट डीसी असतो. तो अडवून फक्त सिग्नल पुढे सोडायचा, हे ०.१ मायक्रोफॅरडच्या कपॅसिटरचं काम. पलीकडे ६व्ही६च्या ग्रिडवर (करंट आवरणाऱ्या जाळीवर) उणे ३५ व्होल्टच्या आसपास बायस असतो आणि तो २२० किलोओहमच्या रेझिस्टरमधून येतो. कपॅसिटरमधून नुसता २३ मायक्रोअँपिअर गळाला, तरी त्या रेझिस्टरवर ५ व्होल्ट पडतात आणि उणे ३५चे उणे ३० होतात. तेवढ्यानेच व्हॉल्व्ह मोकाट करंट ओढू लागतो. मल्टिमीटरच्या ओहम रेंजवर हा कपॅसिटर बहुधा निर्दोष दिसेल, कारण मीटर त्याला एक-दोन व्होल्ट देतो आणि गळती मात्र दोन-अडीचशे व्होल्टला होते. म्हणून तो चालू सर्किटमध्येच तपासायचा.

चालू सर्किट म्हणजे ४००च्या वर व्होल्ट, तेव्हा एवढं पाळाच. प्लग काढल्यावरही फिल्टर कपॅसिटर भरलेले राहतात. २२ किलोओहम, ५ वॅटच्या वायरवाउंड रेझिस्टरला इन्सुलेटेड क्लिपा लावून पहिला फिल्टर कपॅसिटर आणि चासी यांच्यामध्ये अर्धा मिनिट धरा, मग मीटरने प्रत्येक कपॅसिटर बघा. पुढचे कपॅसिटर रेझिस्टरमागे असतात, ते उशिरा रिकामे होतात. स्क्रूड्रायव्हरने ठिणगी काढायची सवय सोडा. मोजताना काळी क्लिप चासीला अडकवायची, एक हात खिशात. हे नवखं वाटत असेल तर सॉकेट बघण्यापुरतं स्वतः करा, बाकीचं व्हॉल्व्ह रेडिओवर हात बसलेल्या मेकॅनिककडे द्या.

अँप सिरीज बोर्डवर, म्हणजे पुरवठ्याच्या वाटेत बल्ब जोडलेल्या बोर्डवर, लावा. बल्ब १०० वॅटचा फिलामेंटवाला हवा, एलईडीचा इथे उपयोग नाही. बल्ब क्षणभर उजळून मंद झाला तर ठीक, भगभगीत पेटून राहिला तर कुठेतरी शॉर्ट आहे, पुढे जाऊ नका. दोन्ही ६व्ही६ काढा, बाकीचे व्हॉल्व्ह राहू द्या, स्पीकर जोडलेलाच ठेवा, स्टँडबाय स्विच वाजवायच्या स्थितीत टाका. आता दोन्ही सॉकेटांच्या ५ नंबरच्या पिनेवर (हाच ग्रिड) डीसी मोजा. पिना खालून, सोल्डरच्या बाजूने मोजताना खाचेपासून घड्याळाच्या दिशेने येतात. बल्बमुळे आकडा थोडा कमी येईल, पण दोन्हीकडे सारखा यायला हवा. एका बाजूला उणे ३४ आणि दुसरीकडे उणे २८ आला, आणि तापत जाईल तसा आणखी घसरू लागला, तर चोर सापडला. बंद करून, डिस्चार्ज करून त्या कपॅसिटरचं ग्रिडकडचं टोक सोडवा आणि परत मोजा. आकडा जागेवर आला की शंका उरत नाही. दोन्ही बाजूंचे कपॅसिटर बदला, ०.१ मायक्रोफॅरड, ६३० व्होल्टचे पॉलिप्रॉपिलिन. मुंबईत लॅमिंग्टन रोडला किंवा पुण्यात तपकीर गल्लीत मिळतात. व्हॉल्व्ह काढलेल्या अवस्थेत हाय टेन्शन (प्लेटचा ४००च्या वरचा डीसी) वर चढतं, त्यामुळे मोजून लगेच बंद करा.

दोन्हीकडे आकडा सारखा आला, तर सॉकेट बघा. ५ नंबरच्या पिनेची पकड ढिली झाली की ग्रिड अधांतरी राहतो आणि बायस असूनही व्हॉल्व्हला पोचत नाही. पुरवठा बंद असताना बारीक सुईने क्लिप आत दाबून घट्ट करता येते. कोकणात, गोव्यात किंवा मुंबईत समुद्राजवळ राहत असाल तर पिनांवर हिरवट थर असतोच. आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा, व्हॉल्व्ह चार-पाच वेळा आत-बाहेर करा. पिन २ आणि ३ यांच्यामध्ये बेकलाइटवर काळी रेघ दिसली, तर तो हाय टेन्शनच्या ठिणगीचा कोळसा आहे. खरवडून भागत नाही, सॉकेटच बदला, सिरॅमिकचं घाला. लाल होण्याच्या भरात पिन ४चा (स्क्रीनचा, म्हणजे व्हॉल्व्हमधल्या दुसऱ्या जाळीचा) ४७० ओहमचा रेझिस्टर भाजला असेल, तर तोही मोजून घ्या.

गुणगुण ऐकून लगेच सगळे फिल्टर कपॅसिटर बदलायचा सल्ला मिळेल. तुमच्या अँपसारख्या पुश-पुलमध्ये, म्हणजे दोन व्हॉल्व्ह आळीपाळीने ओढतात अशा जोडणीत, दोघे सारखा करंट घेतात तोवर सप्लायचा १०० हर्ट्झचा रिपल (डीसीत उरलेली लहर) आउटपुट ट्रान्सफॉर्मरमध्ये दोन्ही बाजूंनी येऊन एकमेकांना मारतो. एक व्हॉल्व्ह जास्त ओढू लागला की तोल गेला, रिपल ऐकू येतो. तुमची गुणगुण लालीबरोबर वाढते, म्हणून ती बहुधा याच रोगाचं लक्षण. कपॅसिटर फुगलेले किंवा पाझरलेले असतील तर बदलाच, पण तो वेगळा विषय.

बायसचा छोटा इलेक्ट्रोलिटिक मात्र, मूळ असेल तर, उघडलंय तेव्हा बदलून टाका. मूळ २५ मायक्रोफॅरड, ५० व्होल्टचा. ४७ मायक्रोफॅरड, १०० व्होल्टचा चालतो. इथला व्होल्टेज उणे आहे, त्यामुळे कपॅसिटरची धन बाजू चासीला जाते. सवयीने उलटा लावणारे बरेच असतात. मग तो फुटतो, बायस जातो आणि दोन्ही व्हॉल्व्ह लाल.

आता स्टेपडाउन. ६व्ही६च्या पिन २ आणि ७ मध्ये एसी मोजा, ६.३ व्होल्ट हवा. ६.९च्या वर गेला तर पुरवठा जास्त आहे: भिंतीत २४५ असेल तर २३०:१२०चा ट्रान्सफॉर्मर १२८ देतो, आणि ४१५चं हाय टेन्शन ४४० ओलांडतं. स्टॅबिलायझर किंवा वेगळा टॅप लागेल. बाजारातले पुष्कळ स्टेपडाउन दोन पिनांचे असतात, म्हणजे अँपला अर्थिंगच नाही. अँपची चासी भिंतीतल्या अर्थपर्यंत पोचलीच पाहिजे. फ्यूज पाटीवर लिहिलेल्याच रेटिंगचा, स्लो ब्लो. जाड तार गुंडाळलीत तर फ्यूजऐवजी पॉवर ट्रान्सफॉर्मर जाईल.

दुरुस्तीनंतर सिरीज बोर्ड काढून बायस लावा. पिन ८ आणि चासी यांच्यामध्ये १ ओहमचा, १ टक्क्याचा रेझिस्टर घाला. त्यावरचे मिलिव्होल्ट म्हणजेच मिलिअँपिअर. १२ वॅटच्या व्हॉल्व्हचे ७० टक्के ८.४ वॅट, भागिले ४१५ व्होल्ट, म्हणजे २० मिलिअँपिअर. हा नुसत्या प्लेटचा करंट; रेझिस्टरवरच्या आकड्यात स्क्रीनचाही एखाद-दुसरा मिलिअँपिअर येतो, त्यामुळे २१-२२ दिसला तरी चालेल. बायस हलवला की प्लेट व्होल्टेजही हलतो, म्हणून दोन्ही पुन्हा मोजा, पंधरा मिनिटं तापल्यावर परत एकदा. दोन व्हॉल्व्हमध्ये ३-४ मिलिअँपिअरचा फरक असला तर डोकं खाऊ नका.

मग खोलीतले दिवे घालवून अर्धा तास मागून नजर ठेवा. काचेच्या आतल्या बाजूला निळसर झाक दिसली तर ती निरुपद्रवी असते, व्हॉल्व्ह काढू नका. करड्या प्लेटवर मात्र लालीचा ठिपकाही दिसता कामा नये. दिसला तर लगेच स्टँडबाय.