'ले व्हांपीर'मधली म्युझिदोरा पुढे कुठे गेली?

तुम्ही दोन गोष्टी विचारल्यात: 'ले व्हांपीर' या मूकपटमालिकेतली काळ्या कपड्यांतली बाई, म्हणजे अभिनेत्री म्युझिदोरा, नंतर कुठेच का दिसत नाही, आणि वटवाघळाचे पंख लावलेला तो प्रसिद्ध फोटो तिचाच का?

आधी फोटोचं बघू. तो तिचा नाही. पंख लावून नाचणारी ती स्तासिया नापियेर्कोव्स्का. दुसऱ्या भागात विषारी अंगठीचा ओरखडा लागून ती भर रंगमंचावर मरते. म्युझिदोरा तिसऱ्या भागापर्यंत पडद्यावर येतच नाही! मी पहिल्यांदा बघायला बसलो तेव्हा दोन भाग 'अहो, ही बाई आहे कुठे?' करण्यात गेले.

पण येते ती थाटात. कॅबरेबाहेर जाहिरात लागलेली असते, 'इर्मा व्हेप'. पत्रकार नायक तिच्याकडे बघत उभा असताना नावाची रोमन अक्षरं जागची हलतात आणि त्यांतून 'व्हांपीर' शब्द जुळतो. सातच अक्षरं, फक्त उलटापालट. पुढे ही इर्मा अंगाला चिकटलेल्या काळ्या रेशमी पोशाखात छपरांवरून पळते, चोऱ्या करते, वेषांतरं करते. लुई फयादने गोमों कंपनीसाठी हे दहा भाग १९१५-१६ मध्ये, ऐन महायुद्धात काढले. लगेच त्याच्याच 'ज्यूदेक्स'मध्येही ती खलनायिका होती.

तिचं खरं नाव जान रॉक, जन्म १८८९, पॅरिस. 'म्युझिदोरा' हे नाव तिने तेओफिल गोतिएच्या कादंबरीतून उचललं.

'कुठेच दिसत नाही' हे मात्र तितकंसं खरं नाही. ती कॅमेऱ्यामागे गेली. लेखिका कोलेत तिची मैत्रीण. कोलेतच्या लेखनावरून सिनेमे झाले. मग स्वतःची कंपनी काढून ती स्पेनला पोहोचली, घोड्यावरून बैलांशी झुंजणाऱ्या अंतोनियो कान्येरोच्या प्रेमात पडली आणि तिथेच 'सोल इ सोंब्रा' (१९२२) केला. त्यात दुहेरी भूमिकाही तिचीच. माझ्या मते तिचं खरं काम हे, पण काळ्या पोशाखापुढे त्याची आठवण कुणाला!

१९२७ मध्ये तिने एका डॉक्टरशी लग्न केलं आणि पडद्यावरची कारकीर्द जवळपास संपली. नेमक्या त्याच सुमाराला, १९२८ मध्ये, ब्रेतों आणि आरागों या अतिवास्तववाद्यांनी तिच्यासाठी एक नाटक लिहिलं. त्यातल्या पात्रांची नावं 'म्युझिदोरा'चीच अक्षरं फिरवून केलेली, उदाहरणार्थ 'माद सुरी'. इर्मा व्हेपचा डाव तिच्यावरच उलटवला म्हणा ना.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळापासून ती सिनेमातेक फ्रान्सेज या फ्रान्समधल्या चित्रपट-संग्रहालयात, त्याचा संस्थापक आंरी लांग्लुआ याच्याकडे काम करू लागली. मूकपटाच्या जमान्यातली माणसं गाठायची, त्यांना बोलतं करायचं, आठवणी टिपून ठेवायच्या. १९५७ मध्ये ती वारली.

बघणार असाल तर पहिले दोन भाग गाळू नका, ती नापियेर्कोव्स्काही बघण्यासारखी आहे.