कॅमेरा काढला की माणसं अवघडतात

प्रश्न : कारखान्यातल्या रोजच्या कामावर माहितीपट करतेय. कॅमेरा काढला की कामगार अवघडतात, लेन्सकडेच बघतात. काय करू?

उत्तर : आधी दोन-तीन दिवस नुसत्या जाऊन बसा. मालकाची परवानगी असली तरी कामगारांना वेगळं विचारा. मी एका लेथशेजारी, म्हणजे धातू फिरवत कापणाऱ्या यंत्राशेजारी, बसायचो. चौथ्या दिवशी ऑपरेटरने हात पुसायचं फडकं माझ्या ट्रायपॉडलाच अडकवलं, तेव्हा म्हटलं, आता जमलं! चेहऱ्यामागे धावू नका. मापं घ्यायचा कॅलिपर धरलेली बोटं, ब्रशने झटकलेला धातूचा कीस हे टिपा. हात गुंतले की माणूस कॅमेरा विसरतो. शॉट लवकर तोडू नका. १६ मिमी फिल्मच्या ४०० फुटी रिळात जेमतेम ११ मिनिटं मावायची, तुमच्याकडे तर मेमरी कार्ड आहे. आणि यंत्र बंद होतानाचा आवाज वेगळा रेकॉर्ड करा, एडिटिंगला लागतोच.