भाजायचं ते वांगं, परतायचा तो घेवडा

चि. सईस अनेक उत्तम आशीर्वाद.

रविवारी बोलताना मी ओव्हनमधून नुकताच काढलेला ट्रे तुला फोनवर दाखवला. त्यातल्या अख्ख्या, सुरकुतलेल्या, मध्येमध्ये काळे डाग पडलेल्या फरसबीच्या शेंगा पाहून तू विचारलेस, ‘‘बाबा, ही भाजी आहे?’’ मी तोंड उघडण्याच्या आतच मागून आजीने निकाल देऊन टाकला, ‘‘भाजायचं ते वांगं नि कणीस. घेवडा परतायचा असतो.’’ रात्री तुझा निरोप आला, की आजीचे बरोबर की तुमचे, आणि तिकडे परदेशातले लोक शेंगा अख्ख्या खातात तर आपण त्या इतक्या बारीक का चिरतो? फोनवर उत्तर दिले असते तर आजीने ते पुरे होऊ दिले नसते, म्हणून लिहितो आहे.

शब्दांपुरते आजीचेच बरोबर आहे. आपण भाकरी भाजतो, पापड भाजतो, शेंगदाणे भाजतो, वांगे भाजतो. म्हणजे पदार्थाला आच थेट किंवा तव्यातून लागते आणि तेलाची बहुधा गरज पडत नाही. थोड्या तेलावर उलथन्याने हलवत राहिलो की ते परतणे, तेलात बुडवले की तळणे, पाण्यात किंवा वाफेवर ठेवले की शिजवणे किंवा उकडणे. माझ्या ट्रेमधल्या शेंगांना तेल चोळलेले होते, पण त्यांना कोणी हलवत नव्हते, आणि आच खालून न येता चहूबाजूंच्या तापलेल्या हवेची होती. आपल्याकडे भट्टी असे ती पाववाल्याची किंवा फुटाणेवाल्याची, घरात नसे. त्यामुळे या क्रियेसाठी घरगुती क्रियापद तयारच झाले नाही. मी आपले सोयीसाठी ‘भाजणे’ म्हणतो.

क्रियापद वेगळे असले तरी शेंगेच्या आत घडते ते फारसे वेगळे नाही. कोवळ्या शेंगेत बहुतांश पाणीच असते, आणि पृष्ठभागावर पाणी आहे तोवर ती 100 अंशांच्या फारशी वर तापत नाही. ते पाणी उडून गेले की मगच तिची साल खरपूस होऊ लागते आणि तो किंचित गोडसर, भाजलेल्या कणसाजवळ जाणारा वास सुटतो. आजी हेच दोन टप्प्यांत करते. आधी, सुरुवातीची दोन मिनिटे सोडली तर, कढईवर ताट झाकून त्या ताटात पाणी ठेवते, म्हणजे भाजी आपल्याच वाफेवर शिजते. मग ताट काढून मोठ्या आचेवर परतते, म्हणजे अंगचे पाणी आटते. कढईच्या तळाला जो थोडा लालसर, लागलेला भाग उरतो, ज्यासाठी मी आणि तुझी आत्या लहानपणी भांडत असू, तो म्हणजे माझ्या ट्रेमधल्या शेंगाच समज. हे आजीला वाचून दाखवू नकोस.

आता बारीक चिरण्याविषयी. तू आजीला घेवडा मोडताना जवळून पाहिले आहेस का? सात-आठ शेंगा ती डाव्या मुठीत जुडीसारख्या धरते, देठाकडची टोके एका ओळीत आणून एकदम खुडते, आणि शीर निघाली तर ती शेवटपर्यंत ओढून काढते. कोवळी शेंग टक्कन मोडते. जून शेंग वाकते आणि मोडली तरी दोऱ्याने लोंबत राहते, ती बाजूला जाते. मग तीच जुडी विळीवर धरून हरभऱ्याएवढे तुकडे पाडते. चिरताना बोलत असली तरी तुकड्यांचे माप बदलत नाही. इतके बारीक कशासाठी, असे मीही एकदा तिला विचारले होते. तिने ताटातल्या भाकरीचा तुकडा मोडून दोन बोटे आणि अंगठा यांत धरला, भाजीवर दाबला आणि उचलून दाखवला. शेंगेचे तुकडे त्या चिमटीत गेले होते, एकही खाली सांडला नव्हता. हातातल्या भाकरीच्या तुकड्यात मावेल, तेच आपल्याकडे चिरण्याचे माप आहे. इथे काट्याने खातात, आणि काट्याला अख्खी शेंग टोचून उचलणे सोपे, उलट हरभऱ्याएवढे तुकडे त्याच्या दातांतून निसटतात.

याच्याच पुढची गोष्ट म्हणजे, इथे या शेंगांना ‘साइड डिश’ म्हणतात, बाजूचा पदार्थ. मध्यभागी मांस किंवा मासा असतो, शेंगा त्याच्या कडेला. आपल्या ताटात कडेचे पदार्थ असतात ते डाव्या बाजूला : मीठ, लिंबू, चटणी, लोणचे, कोशिंबीर. त्यांना आपण तोंडी लावणे म्हणतो, आणि ते थोडेथोडेच वाढतात. भाजी उजवीकडे असते, पुन्हा पुन्हा वाढली जाते. आपल्या सातारा-सांगलीकडे तर तिच्यासाठी एक स्वतंत्र शब्द आहे, जो पुण्यात आल्यावर मी वापरला तेव्हा मित्रांना कळला नाही : कोरड्यास. ‘आज कोरड्यास काय केलंय?’ असे आजी शेजारच्या काकूंना विचारते, तेव्हा कोरड्या भाकरीबरोबर खायला काय आहे, असे तिला विचारायचे असते. भाकरी कोरडी आहे, तिला सोबत हवी, ती सोबत म्हणजे कोरड्यास. त्यामुळे भाजीला तेवढे तिखटमीठ, तेवढे तेल आणि तेवढे दाण्याचे कूट असावे लागते, की अर्धी भाकरी तिच्या जोरावर खाल्ली जावी. नुसत्या मीठ आणि मिरपूड लावलेल्या माझ्या शेंगा या परीक्षेत नापास होतात, हे मान्य. तेव्हा तुझ्या प्रश्नाचे नेमके उत्तर असे : ट्रे मी दाखवला त्या क्षणी ती भाजी नव्हती, तोंडी लावणे होते. त्यानंतर पाच मिनिटांनी ती भाजी झाली, पण तोवर तुझा फोन बंद झाला होता.

त्या पाच मिनिटांत मी काय केले ते सांगतो, कारण पहिल्या खेपेला मी ते चुकीच्या क्रमाने केले होते. तेव्हा इथे नवा होतो. शेंगा धुतल्या आणि ओल्याच ट्रेमध्ये दाटीवाटीने भरल्या, वरून आपली चटणी आणि दाण्याचे कूट आधीच भुरभुरले. (चटणी म्हणजे आपली उन्हाळ्यात डंकावर कुटून आणलेली, कांदा-लसणाची, दुकानात तिला कांदा-लसूण मसाला म्हणतात.) ओल्या आणि दाटीने ठेवलेल्या शेंगा भाजल्याच नाहीत, एकमेकींच्या वाफेत मऊ पडल्या, कूट मात्र करपून कडू झाले आणि चटणीच्या धुराने छतावरचा धुराचा भोंगा असा कोकलू लागला की खालच्या मजल्यावरचे आजोबा चप्पल न घालता वर आले. त्यांना भाजीचे नाव काय सांगावे ते मला सुचेना.

आता मी असे करतो. साधारण 400 ग्रॅम शेंगा धुऊन पंचावर पसरून पूर्ण कोरड्या करतो, देठ खुडतो आणि त्या अख्ख्याच ठेवतो. आजीसारखे बारीक चिरत नाही, कारण ट्रेमध्ये इतके बारीक तुकडे वाळून काड्या होतात. एक मोठा चमचा तेल हाताने चोळून, शेंगा एकमेकींना न चिकटतील अशा पसरून, 200 अंशांवर पंखा चालू ठेवून अठरा ते वीस मिनिटे भाजतो, मध्ये एकदा ट्रे हलवतो. तोवर गॅसवर छोट्या कढल्यात फोडणी : मोहरी, जिरे, हिंग, ठेचलेला लसूण चार पाकळ्या, चिमूट हळद, आणि गॅस बंद करून मग चमचाभर चटणी, म्हणजे ती जळत नाही. ट्रे बाहेर आला की मीठ, फोडणी आणि दोन मोठे चमचे दाण्याचे कूट, सगळे गरम शेंगांवर एकत्र. कूट भरड असावे. मिक्सर एकसारखा फिरवला तर त्याला तेल सुटून गोळा होतो, थांबत थांबत फिरवावा. लिंबू अगदी शेवटी, ताटात, कारण उष्णता आणि आंबट एकत्र आले की शेंगेचा हिरवा रंग खाकी होतो. आजी भाजीला सुरुवातीची दोन मिनिटे झाकण ठेवत नाही त्याचेही कारण हेच आहे. शेंगेतली थोडी आम्ले त्या वाफेबरोबर निघून जातात.

शेंगा इथल्या बाजारात बहुतेक वेळा केनियाहून आलेल्या असतात, पेन्सिलीसारख्या सरळ आणि पातळ. आपल्या श्रावण घेवड्यासारखी बाकदार, आत दाणा जाणवणारी शेंग क्वचित मिळते. हो, श्रावण घेवडा, फरसबी आणि कोरेगावच्या मावशी पाठवतात तो वाघ्या घेवडा ही सगळी एकाच जातीची झाडे आहेत, हे तुला शाळेत कोणी सांगितले का? शेंग कोवळी तोडली तर भाजी, पिकवून दाणा काढला तर उसळ. त्या दाण्यावरच्या तांबड्या पट्ट्यांमुळे त्याला वाघ्या म्हणतात, आणि कोरेगावच्या या घेवड्याला 2016 साली भौगोलिक मानांकन मिळाले. आणखी एक गंमत, तीही आजीला हळूच सांग : घेवड्याची ही जात, शेंगदाणा आणि मिरची, तिन्ही मूळची अमेरिका खंडातली. म्हणजे आजीच्या त्या खास सातारी कढईतले बरेचसे सामान पाहुणेच.

तुमच्याकडे ओव्हन नाही, पण त्याने अडत नाही. भाकरीचा लोखंडी तवा चांगला तापव, तेल लावलेल्या कोरड्या शेंगा एका थरात पसर आणि दोन मिनिटे त्यांना हात लावू नकोस. इथेच आजी उलथने घेऊन येईल, तिला थांबव. खालून डाग पडले की उलट, असे तीन-चार वेळा कर, मग वर सांगितल्याप्रमाणे फोडणी आणि कूट. शेंग दाताखाली मऊ लागली पाहिजे, कच्ची करकरीत राहिली तर तव्यावर ताट झाकून एक वाफ दे. तुकडे मात्र तुझ्या भाकरीच्या घासाच्या मापाने चिर, माझ्यासारख्या शेंगा अख्ख्या ठेवू नकोस.

झाल्यावर आजीच्या ताटात उजव्या बाजूला वाढ आणि काही न बोलता बस. तिने दुसऱ्यांदा मागून घेतली का, एवढेच मला कळव. आणि काका दिवाळीत येणार असतील तर त्यांच्याबरोबर चटणीची बरणी पाठवायला सांग, माझ्याकडची तळाला गेली आहे.

तुझा,
बाबा